तरंगते ते उभे राहतेच असे नाही



दरवर्षी पदवीच्या पहिल्या वर्गावर गेलो की मी एक प्रश्न विचारतो. दोन होड्या आहेत. दोहोंचे वजन सारखे, आत भरलेला मालही तितकाच, आणि दोन्ही पाण्यात सारख्याच खोल बसल्या आहेत. वाऱ्याचा जोराचा झोत आला. एक डुलली आणि सावरली. दुसरी कलली ती पालथीच झाली. असे का व्हावे? वर्गातली हुशार मुले लगेच आर्किमिडीजचे तत्त्व घडाघडा म्हणून दाखवतात. ते अगदी अचूक म्हणतात, आणि त्याने माझ्या प्रश्नाचे उत्तर मुळीच मिळत नाही. कारण आर्किमिडीजचे तत्त्व दोन्ही होड्यांना सारखेच लागू आहे! एका वर्षी मात्र मागच्या बाकावरचा एक मुलगा उठला. त्याचे वडील मिरकरवाड्याहून मासेमारीला जातात. तो म्हणाला, "सर, दुसरीतला बर्फ वर रचला असणार." व्याख्या त्याला येत नव्हती. उत्तर मात्र त्यालाच आले.

माझी तक्रार नेमकी येथे आहे. शाळेत आपण 'वस्तू तरंगेल की बुडेल?' एवढेच शिकवतो. राजाचा सोन्याचा मुकुट, पाण्यात तोललेला दगड, दुधाची घनता, हे सगळे असते. (सोन्याचा मुकुट रत्नागिरीत कोणी पाहिला आहे, कोण जाणे.) पण तरंगणारी वस्तू सरळ उभी का राहते, आणि केव्हा उलटते, हे आपण शिकवत नाही. डोंगरातल्या शाळेत हे एक वेळ चालेल. आपल्या किनाऱ्यावर ते चालू नये असे माझे मत आहे.

कोकणातल्या जुन्या माणसांना 'रामदास' हे नाव सांगावे लागत नाही. १७ जुलै १९४७ च्या सकाळी ही प्रवासी बोट मुंबईच्या भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघाली. आषाढी अमावस्या जवळ आलेली, त्यामुळे गावाकडे जाणाऱ्यांची मोठी गर्दी होती. पावसाळी समुद्र खवळलेला होता. लाटेच्या तडाख्याने बोट एका अंगाला कलली, आत पाणी आले, घाबरलेले प्रवासी एका बाजूला धावले, आणि पाहता पाहता बोट उलटली. सहाशेहून अधिक माणसे गेली. मुंबईचा किनारा काही फार लांब नव्हता, तरी तेथे बातमी पोचायलाही काही तास लागले. आमच्या लहानपणी घरातली वडील मंडळी ही हकीकत सांगत, आणि शेवटी 'समुद्राच्या मनात आले' असे म्हणून उठून जात. आता पदार्थविज्ञान शिकवणाऱ्या माणसाने तेवढ्यावर थांबून कसे चालेल?

तेव्हा साबणाची एक प्लॅस्टिकची डबी घ्या. झाकण नको. तळाशी नाणी ठेवून ती बादलीत तरंगत ठेवा. डबीचे आणि नाण्यांचे मिळून सगळे वजन जेथे एकवटले आहे असे मानता येते, तो गुरुत्वमध्य. पाण्याचा वर ढकलणारा जोर ज्या बिंदूतून लागतो, तो बुडालेल्या भागाचा मध्य. त्याला आपण प्लवनमध्य म्हणू. डबी सरळ असताना हे दोन्ही बिंदू एकाच उभ्या रेषेत असतात. आता डबी बोटाने किंचित कलती करा. बुडालेल्या भागाचा आकार बदलला, म्हणून प्लवनमध्य कललेल्या बाजूकडे सरकला. त्या नव्या जागेतून सरळ वर एक रेषा काढल्याची कल्पना करा. ती डबीच्या मूळच्या मध्यरेषेला जेथे छेदते, त्या बिंदूला मेटासेंटर म्हणतात. गुरुत्वमध्य या बिंदूच्या खाली असेल तर पाण्याचा जोर डबीला परत सरळ करतो. वर असेल तर तोच जोर डबीला आणखी कलती करतो. ज्याने तारले तोच पाडतो!

हिशेबही अवघड नाही. सरळ बाजूंची डबी ६ सेंटिमीटर रुंद असून २ सेंटिमीटर बुडाली असेल, तर प्लवनमध्य तळापासून १ सेंटिमीटरवर. मेटासेंटर त्याच्या वर किती? रुंदीचा वर्ग भागिले बुडालेल्या खोलीची बारापट, म्हणजे ३६ भागिले २४, म्हणजे दीड सेंटिमीटर. एकूण तळापासून अडीच सेंटिमीटर. आता तीच नाणी तळातून काढून डबीवर आडव्या ठेवलेल्या पट्टीवर रचत चला. वजन तेच, बुडालेली खोलीही तीच. पण गुरुत्वमध्य अडीच सेंटिमीटरच्या वर गेला की डबी सरळ उभी राहायला नकार देते. बर्फाचे उत्तर देणारा मुलगा हेच सांगत होता. माल काढून झाल्यावर रिकाम्या गलबताच्या तळाशी दगड आणि वाळू भरत, ज्याला नीरम म्हणतात, त्याचेही कारण हेच.

'रामदास'च्या प्रवाशांचा विचार याच रीतीने करा. दर माणशी सरासरी ५० किलो धरले तर ३०० माणसे म्हणजे १५ टन. एवढे वजन दोन-तीन मीटर एका बाजूला सरकले की गुरुत्वमध्यही त्या बाजूला सरकतो. जहाजात शिरलेले पाणी तर याहून लबाड. ते आपण होऊन नेहमी खालच्या अंगालाच धावते. डबीत चमचाभर पाणी टाकून पहा, म्हणजे ती किती लवकर बिथरते ते दिसेल.

कोणी म्हणेल, ती साधी प्रवासी बोट. मोठ्या देशांच्या मोठ्या जहाजांचे असे होत नसेल. म्हणून आता फ्रान्सकडे वळू. इंग्रजांचे 'ड्रेडनॉट' हे जहाज १९०६ साली पाण्यात उतरले, आणि त्याच्यापुढे आधीच्या सगळ्या युद्धनौका एकदम जुन्या ठरल्या. त्या जुन्या नौकांना म्हणूनच 'ड्रेडनॉटपूर्व' म्हणतात. त्यांतल्या फ्रेंच नौका दिसायला मोठ्या विचित्र. त्यांच्या बाजू पाण्याच्या पातळीपाशी फुगीर, आणि वर जाता जाता आत झुकत गेलेल्या. जणू पोटाशी रुंद आणि गळ्याशी निमुळती घागर. हे वेडेपणाने केलेले नव्हते. जहाज उंच हवे, पण वरचे वजन कमी हवे, आणि बाजूच्या तोफांना पुढे-मागेही मारा करता यावा, असा त्यात हेतू होता. पण वर चिलखती बुरूज, जाडजूड डोलकाठ्या आणि मजल्यांवर मजले चढत गेले. 'ओश' नावाच्या जहाजाला तर लोक 'ग्रँड हॉटेल' म्हणू लागले! 'ब्रेन्यूस' चाचण्यांच्या वेळीच अस्थिर ठरले, आणि त्याच्यावरचा बराच डोलारा उतरवावा लागला.

या आकाराचा तोटा कोठे आहे? सरळ किंवा बाहेर उमललेल्या बाजूंची बोट कलली, की खालच्या अंगाला जास्त आकारमान पाण्यात शिरते आणि तेच तिला परत उचलते. बाजू आत झुकलेली असेल तर ही मदत अपुरी पडते. शिवाय पाणी शिरून जहाज खोल बसू लागले, की पाण्याच्या पातळीवरची रुंदीच कमी होते. आणि सावरण्याची शक्ती रुंदीच्या घनावर अवलंबून असते. रुंदी १० टक्क्यांनी घटली तर ०.९ चा घन ०.७२९, म्हणजे रुंदीपासून मिळणारा आधार चौथाईहूनही अधिक गेला.

१८ मार्च १९१५ रोजी पहिल्या महायुद्धात इंग्रज आणि फ्रेंच नौदले दार्दानेल्सच्या सामुद्रधुनीत शिरली. तुर्कांच्या 'नुसरेत' या लहानशा जहाजाने दहा दिवस आधी तेथे गुपचूप २६ सुरुंग पेरून ठेवले होते. सुमारे १२ हजार टनांचे फ्रेंच जहाज 'बूव्हे' वळताना त्यांतल्या एकावर आले. सुमारे दोन मिनिटांत ते उलटून तळाला गेले आणि सहाशेहून अधिक खलाशी त्याच्याबरोबर गेले. त्याच दिवशी 'इर्रेझिस्टिबल' आणि 'ओशन' ही इंग्रजांची जुनी जहाजेही सुरुंगांनी बुडाली; पण त्यांना बुडायला काही तास लागले, आणि त्यांवरची बहुतेक माणसे वाचली. 'बूव्हे'चे दारूचे कोठारही पेटले असावे असे काही जाणकार मानतात, म्हणून सगळा दोष आकारावर टाकणे न्यायाचे होणार नाही. पण भोक पडलेल्या जहाजाला सावरायला अवधी मिळतो की नाही, हे त्याच्या आकाराने आधीच पुष्कळसे ठरलेले असते.

गंमत अशी की मेटासेंटर हा शब्द एका फ्रेंच शास्त्रज्ञानेच दिला. त्याचे नाव प्येर बूगेर. पृथ्वीचा आकार मोजण्यासाठी तो दक्षिण अमेरिकेत अँडीज पर्वतात अनेक वर्षे राहिला होता, आणि जहाजांवरच्या त्याच्या ग्रंथाचे बरेचसे काम समुद्रापासून दूर त्या डोंगरांतच झाले. ग्रंथ १७४६ साली छापला गेला. म्हणजे 'बूव्हे'च्या दीडशे वर्षे आधी ही विद्या त्याच देशात होती. ती थोड्या तज्ज्ञांपाशी होती. वर आणखी एक तोफ, आणखी एक मजला मागणाऱ्यांपाशी ती असती, तर त्यांनी मागताना थोडा विचार केला असता असे मला वाटते.

शिक्षकमित्र म्हणतील, अभ्यासक्रम आधीच जड आहे, त्यात हे कोठे घालावे? मुकुटाचे एक उदाहरण काढा. डबीच्या प्रयोगाला दहा मिनिटे पुरतात, सूत्र नाही सांगितले तरी चालते. आपल्या वर्गातली मुले उद्या तांडेल होतील, बोटीत पर्यटक भरतील, गणपतीला गर्दीच्या तरीतून खाडी ओलांडतील. 'सगळे एका बाजूला येऊ नका' हे तांडेलाचे ओरडणे त्यांना दरडावणी वाटू नये. त्यामागचे १५ टनांचे गणित त्यांना दिसावे.

आणखी एक प्रयोग सुचवतो. थर्माकोलचे सारख्याच लांबीचे दोन ठोकळे कापा. एकाच्या बाजू सरळ ठेवा, दुसऱ्याच्या वरच्या बाजूला आत झुकवा. पाण्याच्या पातळीवर दोहोंची रुंदी सारखी असू द्या. वजने मिळवून घ्या. मग दोहोंवर, मध्यापासून सारख्याच अंतरावर, एकेक नाणे वाढवत जा. कोणता कितव्या नाण्याला उलटला ते लिहून ठेवा, आणि आकडे मासिकाच्या पत्त्यावर धाडा. आकृती काढायला विसरू नका.