मृगजळावरील आळ

‘यांत घडतें तें काय?’ बिल व्हायोला या अमेरिकन कलावंताच्या ‘शॉट एल-जेरिद’ या १९७९ सालच्या, २८ मिनिटांच्या व्हिडिओकृतीविषयीं हा प्रश्न आम्हांस सुशिक्षितांकडूनच ऐकावा लागतो. कथा नाहीं, संवाद नाहीं. ट्युनिशियांतील त्याच नांवाच्या विस्तीर्ण क्षारसरोवराच्या परिसरांत लांब पल्ल्याच्या भिंगांतून टिपलेलें मृगजळ, आणि जोडीस उत्तर अमेरिकेंतील बर्फानें झांकलेलीं माळरानें. एवढाच काय तो प्रपंच. आक्षेपक म्हणतात, हा तर यंत्रानें उतरविलेला दृष्टिभ्रम. भ्रमाच्या नकलेस कला कशी म्हणावी?

आम्ही उलट विचारतों, भ्रम झाला कोणास? कॅमेऱ्यास मन नाहीं, तहान नाहीं, पाण्याची आठवण नाहीं; तरीही मृगजळ त्याच्या भिंगांत उतरतेंच. जमिनीलगतची हवा तापून विरळ होते, आकाशांतून येणारे किरण तिच्यांत वांकून पुन्हां वर वळतात आणि डोळ्यांत शिरतात. तो प्रकाश अगदीं खरा असतो. ‘हें पाणी’ असा निवाडा देतें तें आपलें मन, आणि तेंही पूर्वीं पाहिलेल्या तळ्यांच्या स्मृतीवर विसंबून. आळ मात्र बिचाऱ्या डोळ्यावर!

आमच्या वेदान्त्यांस हें ठाऊक होतें. दिवा आणतांच दोरीवरचा साप नाहींसा होतो. मृगजळ हें मृगजळ आहे असें पुरतें कळल्यावरही तें दिसतच राहतें. निरुपाधिक आणि सोपाधिक भ्रमांतील हा भेद आमचे पदवीधर परीक्षेपुरता पाठ करतात व विसरतात, ही गोष्ट निराळी. व्हायोलाची कृति या दुसऱ्या भ्रमावर उभी आहे. वस्तु बूड सोडून तरंगतात, कडा वितळतात, दूरचा ठिपका माणूस कीं झाड हें ठरत नाहीं. आणि कारण ठाऊक असूनही मन पुनःपुन्हां निवाडा देऊं पाहतें. कथा असती तर तें तिच्यामागें धांवलें असतें. ती नाहीं म्हणूनच त्यास स्वतःची धांव दिसते.

व्हिडिओच्या नांवाखालीं पुष्कळ पोकळ माल खपतो, हें आम्हांस मान्य आहे. परंतु २०२४ सालीं निवर्तलेल्या या कलावंतास त्या रांगेंत बसविणें अन्याय होय. ही कृति पाहावयाची ती काळोख्या खोलींत, मोठ्या पडद्यावर, आणि शेवटपर्यंत. पांच मिनिटांत उठून जाणाऱ्यांशीं, अथवा हातांतल्या फोनवर ती चाळून मत देणाऱ्यांशीं वाद घालण्यास आम्ही तयार नाहीं.