हुकमाचे जनावर



गेल्या नाताळच्या सुटीत घरभेटीस निघालो असता एका घरी मोठा विलक्षण तंटा माझ्यापुढे आला. बांधावरून, वाटणीवरून, विहिरीच्या पाळीवरून झालेली भांडणे मी पुष्कळ पाहिली आहेत. हे भांडण एका मेलेल्या जनावरावरून होते. मात्र ते जनावर ना गोठ्यातले होते, ना रानातले. ते कॉम्प्युटरच्या पडद्यावरचे होते. पोरांचा खेळ म्हणून मी ही गोष्ट हसण्यावारी नेणार होतो. परंतु धाकट्या मुलाने दोन दिवस धड अन्न घेतले नव्हते आणि थोरल्या भावाशी अबोला धरला होता. ज्या गोष्टीने भावाभावांत अबोला पडतो, ती क्षुल्लक कशी म्हणावी? तेव्हा चहाचा कप बाजूस ठेवून मी सर्व हकीकत ऐकून घेतली. असले खेळ आज आपल्या कित्येक घरांत शिरले आहेत. म्हणून ती आपणांसही सांगतो.

त्या खेळाचे नाव ‘आर्क : सर्व्हायवल इव्हॉल्व्ह्ड’. स्टुडिओ वाइल्डकार्ड या अमेरिकन कंपनीने तो प्रथम २०१५ च्या जूनमध्ये अपुऱ्या अवस्थेतच खेळणाऱ्यांच्या हाती दिला आणि २०१७ च्या ऑगस्टमध्ये पूर्ण करून प्रसिद्ध केला. आर्क म्हणजे तारू. नाव ऐकताच आपणांस नोहाचे तारू आठवेल, आणि ते अगदीच अस्थानी नाही. कारण खेळाच्या कथेत ही तारवे अंतराळात असून पृथ्वीवरील जीवसृष्टी जतन करण्यासाठी बांधलेली आहेत. खेळणारा एका बेटाच्या किनाऱ्यावर रिकाम्या हातांनी जागा होतो. त्यास भूक लागते, तहान लागते, थंडी बाधते. लाकूड, दगड, गवत गोळा करून तो खोपटे बांधतो. भोवताली डायनोसॉर हिंडत असतात. त्यांपासून जीव वाचवावयाचा, आणि जमल्यास त्यांनाच माणसाळवून घरी आणावयाचे.

हे माणसाळवणे सोपे नाही. टायरानोसॉरस, ज्यास खेळणारे ‘रेक्स’ म्हणतात, तो धरावयाचा तर गुंगीचे बाण मारून आधी बेशुद्ध पाडावा लागतो. मग त्यास मांस पुरवावयाचे, आणि तो शुद्धीवर येऊ लागला की गुंगी आणणारी फळे किंवा औषध भरवीत त्याच्यापाशी बसून राहावयाचे. मध्येच दुसऱ्या श्वापदाने त्यास जखमी केले, तर माणसाळण्यातून येणारा गुण कमी होतो.

त्याहूनही कष्टाचे काम अंड्यातून पिल्लू वाढवण्याचे. रेक्सचे अंडे ३२ ते ३४ अंश सेल्सिअस उष्णतेत ठेवावे लागते. त्यासाठी भोवती शेकोट्या किंवा मशाली पेटवून ठेवतात. खेळाचा मूळ वेग ठेवला तर अंडे उबण्यास सुमारे ५ तास, आणि पिल्लू पूर्ण वाढण्यास सुमारे ३ दिवस २० तास लागतात. वाढीचा पहिला दशांश होईपर्यंत पिल्लास आपल्या हातानेच भरवावे लागते. पुढे ते गव्हाणीतले खाऊ लागते. ठरावीक वेळाने ते माया मागते. कधी कुरवाळून घेते, कधी फिरावयास न्या म्हणते, कधी अमुकच खाऊ हवा म्हणून अडून बसते. जो हे सारे वेळेवर करील, त्याचा त्यास लळा लागतो. पुरता लळा लागलेल्या जनावराचे अंगचे गुण २० टक्क्यांपर्यंत वाढतात. आणि ज्याने वाढवले तोच पाठीवर बसला, तर त्याचा मारा आणखी ३० टक्क्यांनी जड होतो. ज्याने घरच्या गायीचे वासरू वाढवले आहे, त्यास यात नवल वाटणार नाही. बाजारातून आणलेला बैल आणि दारात वाढलेला बैल यांतला फरक आपणांस कोणी शिकवावयास नको.

आता मूळ हकीकतीकडे येतो. थोरला मुलगा शहरात नोकरीस आहे. आपला जुना कॉम्प्युटर त्याने धाकट्यासाठी घरी ठेवला होता. धाकटा नववीत शिकतो. अभ्यास आटोपला की त्यास तासभर खेळण्याची मुभा असे. घरच्या खेळात वाढीचा वेग वाढवता येतो, तसा त्याने काहीसा वाढवलाही होता. परंतु खेळ बंद केला की ते बेटही जागच्या जागी थांबते. म्हणून पावसाळ्यापासून दिवाळीपर्यंत, रोज एकेक तास करीत, त्याने एक रेक्स अंड्यातून वाढवला होता.

नाताळास थोरला घरी आला. एके संध्याकाळी धाकटा गायनाच्या सरावास देवळात गेला असता, त्यास चकित करावे या हेतूने थोरल्याने त्याचे बेट उघडले. या खेळात ‘टॅब’ नावाची कळ दाबली की पडद्यावर एक अरुंद पट्टी उघडते. तिला कन्सोल म्हणतात. त्या पट्टीत हुकूम लिहिला की खेळ तो तत्काळ पाळतो. ‘चीट समन’ असे लिहून पुढे जनावराचे आतले नाव लिहिले, की ते जनावर आपल्यापाशी उभे राहते. थोरल्याने गिगॅनोटोसॉरस मागवला. हे त्या बेटावरच्या सर्वांत भयंकर श्वापदांपैकी एक. भावास अशी भेट द्यावी की तो उडीच मारील, हा त्याचा विचार.

परंतु ‘समन’ हा हुकूम जनावर आणतो, माणसाळवीत नाही. आलेले जनावर रानटीच असते. माणसाळलेले हवे असेल तर ‘जीएम समन’ हा निराळा हुकूम आहे, किंवा आलेल्या जनावराकडे तोंड करून ‘फोर्स टेम’ म्हणावे लागते. थोरल्यास हे ठाऊक नव्हते. त्या श्वापदाने पहिला घास त्याचाच घेतला आणि मग दारातल्या रेक्सकडे वळले. खेळात मेलेला माणूस पुन्हा जागा होतो, थोरलाही झाला. घाबरून त्याने ‘डिस्ट्रॉय वाइल्ड डायनोज’ हा हुकूम लिहिला. त्याने गिगॅनोटोसॉरस नाहीसा झाला खरा. पण त्या हुकमाने बेटावरचे झाडून सारे रानटी प्राणी एकदम नाहीसे होतात, आणि नवे हळूहळू येतात. धाकटा देवळातून परतला, तेव्हा दारात रेक्स नव्हता आणि सारे रान सुने पडले होते.

थोरला मला म्हणाला, “फादर, मी एका मिनिटात त्याहून मोठा रेक्स देतो की! लेव्हल दीडशेचा. एक ओळ लिहायची फक्त. पण हा ऐकतच नाही.”

धाकटा खाली मान घालून म्हणाला, “तो माझा नसेल.”

इतक्यात दाराशी बसलेल्या आजींनी विचारले, “फादर, नुसत्या बोलाने जनावर उभे करतात, हा जादूटोणा तर नव्हे?”

आजींचा प्रश्न अस्थानी नव्हता, आणि त्याच्या उत्तरातच अर्धा निवाडा होता. जादूटोणा मुळीच नव्हे. रेक्स मागवताना लिहावयाचे नाव ‘रेक्स कॅरॅक्टर बीपी सी’ असे असते. त्यातील ‘बीपी’ म्हणजे ब्लूप्रिंट, आराखडा. आणि ‘सी’ म्हणजे त्या आराखड्यावरून झालेला वर्ग. खेळ रचणाऱ्यांनी रेक्सची चाल, डरकाळी, भूक, बळ हे सारे एकदाच ठरवून ठेवलेले असते. विटांचा साचा असावा तसा हा साचा. हुकूम दिला म्हणजे त्या साच्यातून आणखी एक वीट पडते, इतकेच. आणि रानात आपोआप हिंडणारे रेक्ससुद्धा त्याच साच्यातून खेळ स्वतःच पाडीत असतो. म्हणजे हुकमाचे जनावर आणि रानातले जनावर यांची माती एकच. मग धाकट्याच्या रेक्समध्ये अधिक ते काय होते? त्याच्या संध्याकाळी होत्या. त्या साच्यात नव्हत्या. म्हणून साच्यातून परत मिळत नाहीत.

हुकमापुढे लावावयाचा ‘चीट’ हा शब्द फसवणूक या अर्थाचा आहे. तेव्हा हुकूम देणे हीच फसवणूक काय, असे मुलांच्या आईने विचारले. मी म्हणालो, सरसकट तसे म्हणता येणार नाही. ही पट्टी खेळ रचणाऱ्यांनीच ठेवलेली आहे. मनुष्य आपल्या बेटावर एकटाच खेळत असेल, तर त्याने कोणास फसवले? अमुक श्वापद कसे लढते हे पाहावे म्हणून कोणी ते मागवील. कधी खेळातल्याच दोषामुळे पाळलेले जनावर जमिनीतून खाली निसटून नाहीसे होते. अशा वेळी धन्याने हुकमाने दुसरे घेतले, तर ती नुकसानभरपाई झाली. त्यास कोणी नावे ठेवू नयेत.

परंतु अनेकजण एकाच बेटावर खेळतात, तेव्हा गोष्ट बदलते. अशा सामाईक बेटावर हुकमाचा अधिकार परवलीचा शब्द जाणणाऱ्या चालकाकडे असतो. आणि कंपनी २०२३ पर्यंत स्वतः जी बेटे चालवीत असे, त्यांवर तर साध्या खेळणाऱ्यास तो मुळीच नसे. कारण उघड आहे. दहाजणांनी घाम गाळून जनावरे मिळवावयाची आणि अकराव्याने ती एका ओळीत उभी करावयाची, तर तेथे कोण राहील? म्हणून या खेळात ‘अ‍ॅडमिन लॉगिंग’ नावाची एक सोय आहे. ती चालू ठेवली की चालकाने दिलेला प्रत्येक हुकूम संभाषणाच्या पट्टीत दिसतो. गावच्या पैशाचा हिशेब ठेवणारा पंच आपली वही सर्वांपुढे उघडी ठेवतो, तशातलाच हा प्रकार. हुकूम कोणाच्या बेटावर दिला आणि तो कोणापासून लपवला काय, हे दोन प्रश्न विचारले म्हणजे फसवणूक आहे की नाही ते कळते.

या दोन प्रश्नांनी पाहता थोरल्याची चूक हुकूम चुकण्यात नव्हती. धाकट्याचे बेट त्याने धाकट्याच्या पाठीमागे उघडले, ही ती चूक. हेतू प्रेमाचा होता हे मला मान्य आहे. परंतु दुसऱ्याच्या गोठ्यात भेट म्हणून बैल बांधावयाचा झाला, तरी आधी धन्यास हाक मारावी लागते. कॉम्प्युटर थोरल्याचा होता, बेट धाकट्याचे होते. आणि भरपाईविषयी मी त्यास इतकेच म्हणालो, “तू त्याच्या संध्याकाळी बुडवल्यास, त्या लेव्हल दीडशेच्या रेक्सने फिटत नाहीत. तुझ्यापाशी सुटीचे सहा दिवस आहेत. द्यावयाच्या असतील तर तुझ्या संध्याकाळी दे.” पुढे काय करावे हे मी सांगितले नाही, त्या खेळातले मला कितीसे कळते!

नववर्षाच्या दिवशी त्यांची आई देवळाबाहेर भेटली. तिने सांगितले की, बेटावरचे रान पुन्हा भरले, तेव्हा दोघा भावांनी मिळून एक रानटी रेक्स बाण मारून पाडला. गुंगीची फळे भरवण्याचे काम थोरल्याकडे दिले होते. रात्री त्यास डुलकी लागली, रेक्स शुद्धीवर आला आणि त्याने थोरल्यास गिळून टाकले. धाकटा इतका हसला की शेजारचे जागे झाले. अबोला तेथेच संपला. दुसऱ्या रात्री दोघांनी पुन्हा आरंभ केला, आणि थोरला नोकरीवर परतण्यापूर्वी तो रेक्स दारात बांधला गेला होता.

आईबापांस माझे एवढेच सांगणे आहे. मूल खेळावयास बसले की ‘किती वेळ झाला?’ हा प्रश्न आपण विचारतोच, आणि तो विचारावाच. त्याबरोबर आणखी एक प्रश्न विचारीत जावे : ‘काय वाढवतो आहेस, आणि तुझ्याबरोबर तेथे आणखी कोण आहे?’ मूल आनंदाने सांगू लागेल. मग घटकाभर त्याच्यापाशी बसावे आणि त्याचे जनावर पाहावे.