बिबट्या दाखवायचा की नाही?

कमी पैशांत भयपट काढणाऱ्याने कलेचा हट्ट धरू नये, ज्याचा पैसा त्याचाच शब्द, असे चित्रव्यवसायात ठामपणे सांगितले जाते. भूत लवकर दिसावे, शेवट गोड व्हावा, म्हणजे भांडवल सुटते. पैसा लावणाऱ्याची धास्ती खरी आहे, ती हसण्यावारी नेऊ नये. पण प्रेक्षक कशाने घाबरतो हे त्यालाच अधिक कळते, हा दावा मात्र टिकत नाही.

1942 साली हॉलिवूडची आरकेओ कंपनी अडचणीत होती. भयपटांचे काम वॅल ल्यूटनकडे देताना तिने अटी घातल्या : खर्च दीड लाख डॉलरच्या आत, लांबी 75 मिनिटांच्या आत, आणि नाव कंपनी ठरवील ते. ‘कॅट पीपल’ हे नावही असेच वरून आले. ल्यूटनने सारे मान्य केले. ऑर्सन वेल्सच्या चित्रपटासाठी उभारलेला जिनाही पुन्हा वापरला. पेच पडला तो बिबट्यावरून. नायिका खरोखर बिबट्या होते की तो तिच्या मनाचा खेळ, या संशयावर चित्रपट उभा होता आणि वरिष्ठांना जनावर पडद्यावर हवे होते. दिग्दर्शक जॅक तूर्नरने ते दाखवले, पण अंधारात, पुरते दिसणार नाही असे. पोहण्याच्या तलावाच्या प्रसंगात तर भिंतींवर हलणारा पाण्याचा उजेड, सावल्या आणि गुरगुर, एवढ्यावरच भागवले. रात्रीच्या निर्जन रस्त्यावर पाठलाग रंगतो आणि अचानक फुसकारत येते ती बस! चित्रपट जोरात चालला.

ही तडजोडच नव्हे का, असे कुणी विचारील. तडजोड होतीच; पण ती नाव, लांबी आणि खर्च यांपुरती. भीतीचा गाभा त्यांनी सोडला नाही.

पिट्सबर्गच्या जॉर्ज रोमेरोने तर साफ नकार दिला. सुमारे 1,14,000 डॉलरमध्ये, रक्ताच्या जागी चॉकलेट सिरप वापरून त्याने ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ केला. अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्सला सुखान्त हवा होता. रात्रभर तग धरलेला कृष्णवर्णी नायक सकाळी मदतीला आलेल्यांच्याच गोळीने मरतो, हा शेवट रोमेरोने बदलला नाही. 1968 मध्ये दुसऱ्या वितरकाने चित्रपट लावला आणि तो तुफान चालला. निर्मात्यांचे मोठे नुकसान झाले ते वेगळ्याच कारणाने : नाव बदलताना वितरकाकडून स्वामित्वहक्काची ओळ गळली आणि चित्रपट कुणालाही फुकट वापरता येऊ लागला. ही चूक धंदा सांभाळणाऱ्यांची होती, दिग्दर्शकाच्या हट्टाची नव्हे.

निर्मात्याने खर्चाला जरूर कात्री लावावी. शेवट मात्र दिग्दर्शकाच्याच हाती राहू द्यावा.