भरपाई हा हक्क आहे, उपकार नव्हे

'शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये' ही म्हण होळकरांच्या काळापासून इंदुरात स्थायिक असलेल्या आपल्या घरांतून पिढ्यान्‌पिढ्या ऐकू येते. भाऊबंदकीच्या वादात ती खरी ठरली असेल. पण अपघातात जायबंदी झालेल्या किंवा कर्ता माणूस गमावलेल्या कुटुंबाला हाच सल्ला देणे घातक आहे, असे आमचे स्पष्ट मत आहे.

18 जुलै 2022 रोजी इंदूरहून अमळनेरला निघालेली महाराष्ट्र एसटीची बस खलघाटच्या पुलावरून नर्मदेत कोसळली आणि किमान 12 जणांनी प्राण गमावले. अशा वेळी सरकार जाहीर करते ती मदत ही सहानुभूती असते. मोटार अपघात दावा न्यायाधिकरण देते ती भरपाई हा कायदेशीर हक्क असतो. मदत मिळाली म्हणून हक्क संपत नाही.

अपघात परमुलखात झाला तर तिथेच खेटे घालावे लागतील, हा दुसरा गैरसमज. धुळ्याजवळ जखमी झालेला इंदूरकर आपल्या राहत्या ठिकाणी, म्हणजे इंदुरातच, दावा लावू शकतो. आयुर्विम्याची रक्कम भरपाईतून वजा होते, ही समजूतही चुकीची. महाराष्ट्र एसटीविरुद्धच्या हेलन रिबेलो खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1998 मध्येच तसे बजावले आहे. गृहिणीची 'कमाई नाही' म्हणून भरपाई नाही, हे तर सपशेल खोटे. तिच्या घरकामाचे मोल धरावेच लागते, असे न्यायालयाने 2001 पासून वारंवार सांगितले आहे.

आपल्या सराफ्यातलेच उदाहरण घ्या. जडावकाम करणाऱ्या कारागिराचे बोट निकामी झाले, तर डॉक्टरी दाखल्यावर अपंगत्वाची टक्केवारी किरकोळ दिसेल. पण त्याचा धंदाच बसेल. भरपाई ठरवताना केवळ शरीराची नव्हे, तर कमाईची हानी पाहावी, असा 2010 चा निकाल आहे. जखमी व्यक्तीची थोडी चूक असली तरी भरपाई त्या प्रमाणात कमी होते, बुडत नाही.

मात्र सावधही राहावे. 1 एप्रिल 2022 पासून दाव्याला सहा महिन्यांची मुदत आहे. केवळ उशिरापायी दावे फेटाळू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर 2025 मध्ये म्हटले. पण तो आदेश अंतरिम आहे, त्यावर विसंबू नये. इस्पितळाच्या दारात टक्केवारी ठरवणाऱ्या दलालांना दूर ठेवावे; भरपाईत वाटा घेण्याची वकिलांना मनाई आहे. लोकअदालतीतील तडजोडीवर अपील नसते, म्हणून सही विचार करूनच करावी.

'माणूस गेला, आता त्याचे पैसे कसे मागायचे?' या संकोचाचा आम्ही आदर करतो. पण त्या संकोचाचा फायदा विमा कंपनीला होतो, आणि मुलांचे शिक्षण मात्र अडते. महिलांना जिल्हा विधिक सेवा प्राधिकरणाकडून उत्पन्नाची अट न लागता मोफत वकील मिळतो, हे आपल्या किती भगिनींना ठाऊक आहे? मते मागायला दारी येणाऱ्या पुढाऱ्यांना आमचे सांगणे आहे : सांत्वनाच्या भेटी आणि धनादेशाचे फोटो पुरे झाले. वॉर्डावॉर्डात ही माहिती पोचवा. आणि समाजबांधवांना विनंती, शेजाऱ्यावर असा प्रसंग आला तर म्हण ऐकवू नका. कागदपत्रे गोळा करायला त्याच्यासोबत जा.