छप्पर बदला, पण पुरावा पाडू नका

मिरग तोंडावर आला की आपल्या वस्त्यांवर एकच बोलणं सुरू होतं. यंदा छपराचं काय करायचं? कुणी जुनं गवत काढून नवं घालतं, कुणी प्लास्टिकचा कागद दोरीनं आवळतं, कुणी तालुक्याहून डांबरी पत्रे आणतं. कन्नड-सोयगावच्या डोंगरातल्या वस्त्यांवर फिरताना मात्र एक गोष्ट आमच्या डोळ्यात सलली. काही घरांनी मजुरीचे पैसे साठवून पत्रे आणलेत, पण ते दाराबाहेर तसेच रचून ठेवलेत. काहून, विचारलं तर म्हणतात, "गार्ड सांगून गेला, दावा मंजूर होईस्तोर घराला हात लावायचा न्हाई. लावला तर नवीन अतिक्रमण धरू."

आमचं म्हणणं सरळ आहे. गळतं छप्पर नीट करणं म्हणजे अतिक्रमण नव्हे. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या कलम ३ मध्ये वनजमीन कसण्याचाच नाही, तिच्यावर राहण्याचाही हक्क लिहिलाय. कलम ४(५) सांगतं की दाव्याची पडताळणी आणि मान्यता पुरी होईपर्यंत आपल्याला ताब्यातल्या जमिनीवरून काढता येत नाही. हा कायदा अभयारण्यातही लागू आहे. ज्याला राहायचा हक्क आहे त्यानं पावसात भिजत राहायचं, असं कायद्यात कुठंच लिहिलेलं नाही. तोंडी सांगून जाणाऱ्याला एवढंच म्हणा, "साहेब, लिहून द्या. कोणत्या कलमानं ते बी लिहा."

पण साथींनो, दुसरी चूक आपल्याच हातून होते, आणि ती जास्त महागात पडते. २००५ च्या १३ डिसेंबरच्या आधीपासून आपण त्या जमिनीवर आहोत, हे दाव्यात दाखवावं लागतं. नियम १३ मध्ये जे पुरावे दिलेत त्यात घर, झोपडी, बांधबंदिस्ती हेही आहेत. म्हणजे आपलं जुनं घर हाच आपला कागद आहे. आपण काय करतो? धुरानं काळं पडलेलं आढं सरपणात घालतो, जुनी मेढ उपटतो, कौलं फोडून अंगणात भर टाकतो आणि वर कोरा पत्रा चढवतो. मग पडताळणीला आलेला माणूस म्हणतो, "हे तर काल बांधलेलं घर दिसतंय." घरकुलाच्या घाईत जुनं घर आधी पाडणाऱ्यांचंही हेच होतं.

म्हणून छपराला हात लावायच्या आधी ही कामं करा:

१. वनहक्क समितीला बोलावून घराचा पंचनामा करा. लांबी, रुंदी, मेढी किती, छप्पर कशाचं, सगळं लिहा. सह्या-अंगठे घ्या.

२. चारही बाजूंनी आणि आतून फोटो काढा. आढं आणि चूल फोटोत आली पाहिजे.

३. शेजारच्या म्हाताऱ्या माणसाचा लेखी जबाब घ्या. दावेदार सोडून दुसऱ्या वडीलधाऱ्याचा जबाब हाही नियमात पुरावा आहे. एका पुराव्यावर थांबू नका.

४. दुरुस्तीचा ठराव ग्रामसभेत घ्या आणि त्याची नक्कल घरात ठेवा.

५. जुनी मेढ, जुनं आढं शक्य तर तिथंच राहू द्या. घराचा पाया वाढवू नका.

आता डांबरी पत्र्याबद्दल. अमेरिकेत बहुतेक घरांवर डांबराच्या चकत्या असतात. पण त्या अख्ख्या फळ्यांच्या छतावर ठोकतात, आणि उन्हापासून वाचायला त्यांच्यावर बारीक खडी चिकटवलेली असते. आपल्या बाजारातला स्वस्त पत्रा म्हणजे कागदाचा लगदा आणि डांबर. आपल्याकडच्या उन्हाळ्यात तो मऊ पडतो, दोन वाशांच्या मधे झोळ धरतो आणि त्या झोळात पाणी साचतं. तेव्हा आडव्या पट्ट्या दीड फुटावर घाला, त्याहून लांब नको. वळचणीकडून सुरुवात करून आढ्याकडं चढा, म्हणजे वरचा पत्रा खालच्यावर बसेल. आपला पाऊस पश्चिमेकडून मारतो, म्हणून पहिला पत्रा पूर्वेच्या टोकाला लावा आणि पश्चिमेकडं सरका. खिळा पत्र्याच्या उंच भागावर ठोका, पन्हाळीत ठोकला तर तिथूनच गळणार. आणि डांबर पेट घेतं, हे विसरू नका. चुलीच्या वर टिनाचाच पत्रा टाका. घरात दिवसभर चुलीपाशी बाई असते, तेव्हा छपराचं ठरवताना तिला आधी विचारा. पट्टाही नवरा-बायको दोघांच्या नावानं निघतो, हे ध्यानात असू द्या.

शेवटी एक गोष्ट. आपल्या घाटाला ज्या औट्रम साहेबाचं नाव आहे, त्यानं १८२५ साली खानदेशात भिल्लांची पलटण उभी केली. म्हणजे या डोंगरात कोण राहतं हे सरकारला दोनशे वर्षांपूर्वीही ठाऊक होतं. गौताळा औट्रमघाट अभयारण्य जाहीर झालं १९८६ मध्ये. तरी पुरावा मागतात तो आपल्याकडं! मागू द्या. आपण देऊ, आणि कोरड्या घरात बसून देऊ.

पत्रे बाहेर रचून ठेवलेल्या घरांची यादी येत्या ग्रामसभेत करा. पंचनामे एकाच दिवशी उरकून घ्या, आणि पहिला जोराचा पाऊस यायच्या आत सगळ्यांनी मिळून एकेक छप्पर चढवा. एकट्याच्या घरावर गार्ड येतो. अख्खी वस्ती छपरावर चढलेली असली, की तो खालूनच रामराम करून जातो.