शब्दाने माणूस मरतो, पण यंत्र कुठलं?

परवा घरात पोरगा जुना 'ड्यून' बघत बसला होता. डेव्हिड लिंचचा, १९८४ सालचा. नवे दोन भाग बघून झाले, आता जुना कसा होता ते बघू म्हणाला. मीही शेजारी टेकलो. त्यात एक भन्नाट यंत्र आहे. नाव 'वियर्डिंग मॉड्यूल'. गळ्याशी आणि हातात बसवायचं, ठरावीक आवाज काढायचा, की त्या आवाजाचं शस्त्र होतं. दगड फुटतो, भिंत कोसळते, माणूस मरतो.

नायक पॉल हे यंत्र वाळवंटातल्या फ्रेमेन लोकांना शिकवतो. फ्रेमेनांमध्ये त्याने घेतलेलं नाव 'मुअददीब'. एकदा सरावात एक जण सहज ते नाव उच्चारतो आणि स्फोट होतो! पॉलच्या लक्षात येतं, आपलं नावच आता जीव घेणारा शब्द झालंय.

पोरगा म्हणाला, "बाबा, हे नव्या पिक्चरमध्ये नाहीच." बरोबर आहे त्याचं. आणि गंमत म्हणजे फ्रँक हर्बर्टच्या १९६५ च्या मूळ कादंबरीतही हे यंत्र नाही. तिथे 'वियर्डिंग' म्हणजे लढायची एक विद्या आहे. यंत्र लिंचच्या सिनेमाने आणलं.

मग यंत्र नसताना कादंबरीत त्या नावात एवढी ताकद येते कुठून?

उत्तर साधं आहे आणि म्हणूनच भीतीदायक. ताकद ऐकणाऱ्यांमधून येते. बेने जेसेरिट नावाच्या संघटनेने पिढ्यान् पिढ्या आधी त्या लोकांमध्ये कथा पेरून ठेवलेल्या असतात. कोणीतरी बाहेरून येणार, तो असा बोलणार, असा वागणार. पॉल आणि त्याची आई येतात आणि त्या तयार मातीत फक्त शब्द टाकतात. पुढचं काम लोकच करतात. त्यानंतरच्या 'ड्यून मसाया' या १९६९ च्या कादंबरीत पॉल स्वतःच्या नावाने झालेल्या युद्धांचा हिशोब मांडतो: ६१ अब्ज माणसं मेली. यंत्र एकही नाही.

म्हणजे सिनेमाने ताकद डबीत ठेवली, पुस्तकाने माणसांत. हा फरक मला दोन दिवस सोडत नाहीये, कारण आपण सगळे सिनेमावाल्यासारखा विचार करतो.

आठवा, १ जुलै २०१८. धुळे जिल्हा, साक्री तालुका, राईनपाडा. रविवारचा बाजार. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच भिक्षेकरी तिथे आले. मुलं पळवणारी टोळी फिरतेय, अशी अफवा आधीच मोबाईलवरून सगळीकडे पोचली होती. जमावाने पाचही जणांना ठेचून मारलं. ग्रामपंचायतीच्या कार्यालयात.

'पोरं पळवणारे'. दोनच शब्द. पाच माणसं गेली.

तेव्हा आपण सगळ्यांनी डबीकडे बोट दाखवलं. व्हॉट्सॲपने त्याच महिन्यात भारतात एक मेसेज एका वेळी पाचच ठिकाणी पुढे पाठवता येईल अशी मर्यादा आणली. चांगलंच झालं, वेग कमी झाला असेल. पण पुढे १६ एप्रिल २०२० ला पालघर जिल्ह्यात गडचिंचले इथे दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर जमावाच्या हातून मेले. तिथेही अफवाच होती. पाचची मर्यादा तेव्हा लागू होती. लॉकडाऊन होता. पोलीस समोर उभे होते.

डबी दुरुस्त करून भागत नाही, ते यासाठी. राईनपाड्यात तो शब्द पडला तेव्हा माती तयार होती. इंग्रजांनी १८७१ साली कायदा करून जमातीच्या जमाती जन्मजात गुन्हेगार ठरवल्या. स्वतंत्र भारतात १९५२ साली तो शिक्का कागदावरून पुसला. मनातून पुसला का? पालावर राहणारा, दारोदार फिरणारा माणूस दिसला की आपल्या डोक्यात पहिला शब्द कोणता येतो, प्रामाणिकपणे सांगा. ही पेरणी कुठल्या कंपनीने नाही केली. ती आपल्या आजी-आजोबांनी केली, "रडलास तर झोळीवाला घेऊन जाईल" म्हणत. आपणही तेच म्हणत आलो.

दुसऱ्याला कशाला बोलू? गेल्या पावसाळ्यात आमच्या गल्लीच्या ग्रुपवर असाच एक आवाजी मेसेज आला. बाई रडत रडत सांगत होती, गाडी आली, पोर नेलं. कुठलं गाव, कुठलं पोलीस ठाणं, काही नाही. मी पुढे पाठवला नाही, याचा मला अभिमान वाटत होता. पण दुसऱ्या दिवशी सुया-पोत विकणारी बाई दारात आली, तेव्हा मी दार उघडलं नाही. जाळीतूनच "पुढे जा" म्हणालो. दर दिवाळीला येणारी, ओळखीची बाई. म्हणजे यंत्र चालू झालं होतंच की. माझ्यात.

आता तर कोणाचाही आवाज हुबेहूब बनवून मिळतो. त्याला कायदा हवा, जरूर हवा. पण कायदा डबीला होतो, कानाला होत नाही.

म्हणून मला एवढंच सुचतंय. असा मेसेज आला की ग्रुपवर तिथल्या तिथे विचारा: गाव कुठलं? ठाणं कुठलं? तुला कोणी सांगितलं? उत्तर नसेल तर तसं सगळ्यांसमोर लिहा. नुसतं गप्प बसून चालत नाही, माझ्यासारखं. गावात पाल पडलं तर सरपंच, पोलीस पाटील यांनी जाऊन चार शब्द बोलावेत, नावं विचारावीत, आणि गावाला सांगावं की ही माणसं अमुक ठिकाणची, अमुक दिवस आहेत. ज्याचं नाव माहीत असतं, त्याच्यावर दगड उचलायला हात जरा थांबतो. आणि कुठे गर्दी जमताना दिसलीच तर व्हिडिओ काढायच्या आधी ११२ लावा.

ती बाई या दिवाळीला आली तर दार उघडणार आहे. नाव विचारणार आहे. इतक्या वर्षांत तेही विचारलं नव्हतं.

तुमच्या गावात काय करता, खाली लिहा. पटलं नसेल तरी लिहा.