हरिश्चंद्राच्या चाली

गोविंदराव टेंबे (१८८१-१९५५) हे मराठी बोलपटाचे पहिले नायक आणि पहिले संगीतकारही. 'प्रभात' फिल्म कंपनीचा 'अयोध्येचा राजा' १९३२च्या फेब्रुवारीत लागला. व्ही. शांताराम यांनी तो मराठी आणि हिंदी, दोन्ही भाषांत केला. हरिश्चंद्र टेंबे, तारामती दुर्गा खोटे, आणि चाली टेंब्यांच्याच. तारामती लोकांच्या लक्षात राहिली. हरिश्चंद्र कोण होता, हे सांगणारे थोडे. चाली कोणाच्या, हे तर कोणी विचारतही नाही.

पडद्यावर आले तेव्हा टेंबे पन्नाशीचे होते. पेटीवादक म्हणून त्यांनी भास्करबुवा बखल्यांची साथ केली होती. खाडिलकरांच्या 'मानापमान'ला (१९११) त्यांनी पूरब अंगाच्या ठुमरी-दादऱ्यांवरून चाली दिल्या आणि नाट्यसंगीताचा बाजच पालटला. १९१३मध्ये बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्यासह त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. पुढे तीतून बाहेर पडून शिवराज नाटक मंडळी उभी केली.

अशा माणसाची बोलपटाला गरजच होती. पार्श्वगायन तेव्हा नव्हते. नटाने कॅमेऱ्यासमोर गायचे आणि ते तिथेच ध्वनिमुद्रित व्हायचे, त्यामुळे गाता न येणारा नायक चालत नसे. 'माया मच्छिंद्र'मध्येही (१९३२) मच्छिंद्रनाथ आणि संगीतकार टेंबेच. 'सिंहगड' आणि 'सैरंध्री' (१९३३) यांचे संगीतही त्यांचे. 'प्रभात' कोल्हापूरहून पुण्याला गेली आणि 'अमृतमंथन'पासून (१९३४) संगीतकार म्हणून केशवराव भोळे आले. १९३५नंतर पार्श्वगायन रुळत गेले. नट एक, गळा दुसरा आणि चाल तिसऱ्याची, अशी वाटणी झाली. या वाटणीत तिसरा कायमचा मागे पडला. टेंब्यांनी 'माझा संगीत व्यासंग' आणि 'माझा जीवनविहार' लिहून आपली बाजू निदान कागदावर ठेवली. बहुतेकांना तेवढेही जमले नाही.

संगीतकार आजही मागेच आहे, आमच्या खालापूर-कर्जतलाही. इथे सिनेमा परका नाही. चौकजवळ नितीन देसाई यांनी २००५मध्ये एन. डी. स्टुडिओ उभारला. तरी वर्षभर इथल्या वाद्यवृंदांत, सत्कारांत, गणपतीच्या मांडवांत निवेदक गायकाचे आणि नटाचे नाव घेतात आणि थांबतात. संगीतकाराचे नाव घ्यायला दोन सेकंदही लागत नाहीत. साजगावच्या या अंकाने यंदा 'पडद्यामागची माणसे' हा विषय घेतला, तो या वैतागापोटीच.

कार्तिकी एकादशीला साजगावात बोंबल्या विठोबाची यात्रा भरेल. सुक्या मासळीच्या बाजारात कर्णे वाजतील. कर्ण्याशी बसणाऱ्याला एवढीच विनंती: गाणे लावण्याआधी चाल कोणाची, ते सांगावे.